नाचणाऱ्यानं वही घेतली तेव्हा

मागच्या महिन्यात एका गावी कविता वाचायला गेलो होतो. गावाचं आणि मंडळाचं नाव घेत नाही, माणसं वाईट नव्हती. जेवण दिलं, येण्याजाण्याचं भाडं दिलं. मी आईवरची कविता वाचली, चिंध्या वेचायची ती. पुढच्या रांगेत एका बाईंनी पदरानं डोळे टिपले. कविता संपली आणि मागून कुणीतरी ओरडलं, "वन्समोअर!" टाळ्या पडल्या. मी परत वाचली. आणि खरं सांगायचं तर दुसऱ्यांदा वाचताना एका ओळीवर मी आवाज मुद्दाम खाली आणला. पहिल्या खेपेला त्याच ओळीवर बाईंनी पदर डोळ्याला लावला होता, हे मला कळलं होतं ना.

रात्रीच्या एस्टीत झोप आली नाही. माझी मावशी फडात नाचायची. पायात चाळ बांधून बोर्डावर उभी राहायची. कुणी नोट धरून हात वर केला की तिथपर्यंत जायचं, नोट घ्यायची, देणाऱ्याचं नाव पुकारायचं आणि त्याला आवडलेली ओळ पुन्हा म्हणायची, त्याच ठिकाणी मान तशीच वळवायची. याला दौलतजादा म्हणतात. मी त्या गावी दुसरं काय केलं? माझ्या आईच्या पाठीवरचं चिंध्यांचं गाठोडं दोनदा वळवून दाखवलं.

तेव्हा मित्रहो, प्रश्न असा आहे. ज्या अंगाकडं लोकांनी आयुष्यभर बघितलं, त्या अंगानं एक दिवस नाच टाकला आणि कागद-पेन्सिल हातात घेतली, तर ते सुटलं का? का कागदावरही नाचच चालू राहतो आणि पायातले चाळ फक्त बोटांत येतात?

ह्या प्रश्नाला मला एक माणूस भेटला. तो आपल्यातला नाही, आपल्या देशातलाही नाही. वास्लाव निजिन्स्की. रद्दीच्या दुकानात त्याच्या डायरीचं इंग्रजी पुस्तक मिळालं, वरचं कव्हर फाटलेलं. माझं इंग्रजी म्हणजे मशीनवरच्या पाट्या वाचण्यापुरतं. डिक्शनरी मांडीवर घेऊन रातपाळीनंतर रोज दोन पानं, असे पाच-सहा महिने गेले. कुणी म्हणेल, सूतगिरणीत धागे सांधणाऱ्याला युरोपातल्या नाच्याचं काय पडलंय? असू दे. ज्याला बघायची माणसं तिकीट काढतात त्याचं काय होतं, हे ज्याच्या घरात नाचणारी होती त्याला कळतं.

निजिन्स्कीचे आई-बाप दोघंही पोलिश, दोघंही नाचणारे. रशियन साम्राज्यात गावोगाव खेळ करत हिंडायचे. हा पोरगा कीव्हला जन्मला, १८८९ साली असं धरतात. बाप दुसऱ्या बाईबरोबर निघून गेला. आईनं पोरांना पीटर्सबर्गच्या सरकारी नृत्यशाळेत घातलं, तिथं निदान खायला-ल्यायला मिळायचं. चेहऱ्याची ठेवण जरा तातारी म्हणून बरोबरची पोरं त्याला चिडवायची. मोठा झाला आणि असा उडायला लागला की पॅरिसची माणसं वेडी झाली. दिआगिलेव्ह नावाचा मोठा कर्ता माणूस होता, त्याच्या कंपनीचं नाव 'बॅले रुस'. त्यानं ह्याला उचललं. कंपनीही त्याची आणि पोरगाही त्याचाच, सगळ्या अर्थानं. पहिल्या काही वर्षांत ह्याला धड पगारच नव्हता. हॉटेलचं बिल, कपडे, आईला पाठवायचे पैसे, सगळं मालक बघायचा. १९१३ च्या सप्टेंबरात दक्षिण अमेरिकेच्या दौऱ्यावर असताना ब्युनोस आयर्सला ह्यानं रोमोला नावाच्या हंगेरियन बाईशी लग्न केलं. मालकाला ते खपलं नाही. कामावरून काढल्याची तार आली.

त्याच वर्षी, २९ मे १९१३ ला, पॅरिसमध्ये त्यानं बसवलेला 'द राइट ऑफ स्प्रिंग' झाला. संगीत स्ट्राविन्स्कीचं. ह्यात उडणं-तरंगणं नाही. पाय आत वळलेले, जमिनीवर आपटणारे, अंगं वाकलेली. प्रेक्षकांत गोंधळ उडाला. आरडाओरडा इतका की नाचणाऱ्यांना वाजप ऐकू येईना. तेव्हा हा पठ्ठ्या पडद्याआड खुर्चीवर उभा राहून ओरडून आकडे मोजत होता, नाच चुकू नये म्हणून. ही खुर्ची ध्यानात ठेवा.

आता एक गोष्ट आधीच बोलून टाकतो, नाहीतर कुणीतरी पत्र लिहील. निजिन्स्कीचं दुःख आणि आमच्या नाचणारीचं दुःख एक नाही. त्याचा हात हातात घ्यायला सरदार-दरकदार धडपडायचे. आमच्या बाईला रात्री कनातीमागं शिवायचे आणि सकाळी ती विहिरीवर आली की हांडा उचलून लांब व्हायचे. जात नावाची वस्तू त्याच्या वाट्याला आली नाही. त्याचं दुःख माझ्या मापाचं करून घालायला मी हे लिहीत नाही. वापरलं जाणं आणि त्यानंतर उलटून बघणं, ह्या दोन गोष्टींपुरताच मी त्याच्याकडं आलोय.

पहिलं महायुद्ध लागलं तेव्हा तो बुडापेस्टला सासरी होता. रशियाची प्रजा म्हणून त्याला तिथंच अडकवून ठेवलं. मग सुटका, अमेरिकेचे दौरे, आणि शेवटी स्वित्झर्लंडात सेंट मॉरिट्झ. बर्फाचं गाव, श्रीमंतांचं हवा खायचं ठिकाण. तिथल्या सुव्रेटा हाऊस नावाच्या हॉटेलात १९ जानेवारी १९१९ ला त्याचा नाच ठेवला होता. दोनेकशे पाहुणे जमले. युद्ध संपून दोन-सव्वादोन महिने झाले होते.

तो आला. एक खुर्ची ओढून घेतली, त्यांच्यासमोर बसला आणि त्यांच्याकडं बघत राहिला. पियानोवाली बाई तयार होती, पण हा हलला नाही. किती वेळ कुणास ठाऊक, बायकोनं लिहिलंय की असह्य झालं. तिनं जवळ जाऊन सुरू कर म्हटलं तर तिच्यावरच चिडला. पुढं थोडा नाचला. कापडाच्या लांब पट्ट्यांचा जमिनीवर क्रूस केला आणि हात पसरून त्याच्या टोकाशी उभा राहिला. मग सांगितलं की आता मी युद्ध नाचणार आहे, जे तुम्ही थांबवलं नाही, म्हणून तुम्हीही त्याचे धनी. आणि नाचला. लोक घाबरले म्हणतात. लोकांसमोरचा तो त्याचा शेवटचा नाच. वय जेमतेम तीस.

मला ह्यात युद्धाच्या नाचापेक्षा ते बसणं मोठं वाटतं. पैसे मोजून बघायला आलेल्याला बघण्याची वस्तूच सांगते की थांब, आधी मी तुला बघतो. आपल्या एखाद्या बाईनं फडाच्या बोर्डावर हे केलं असतं तर? आधी शिट्ट्या, मग चपला, आणि रात्री मालकाचा मार.

त्याच दिवशी त्यानं वही उघडली. ४ मार्च १९१९ ला त्याला झुरिकला ब्लॉयलर नावाच्या मोठ्या वेड्याच्या डॉक्टरकडं नेलं, तोवर लिहीत होता. दीड महिना. रशियनमध्ये, फाऊंटन पेननं, दिवसरात्र. वाक्यं छोटी-छोटी, एकावर एक आपटणारी. आत्ता म्हणतो मी अमुक आहे, पुढच्या ओळीत म्हणतो नाही. जेवण, शौच, बायकोचा राग, सासू, मांस खाऊ नये, टॉल्स्टॉय, लॉइड जॉर्ज, दिआगिलेव्ह, बर्फात दिसलेले रक्ताचे डाग, सगळं एका पंगतीला. शेअर बाजारात पैसे मिळवून गरिबांना वाटायचेत, असंही. हस्ताक्षर जिवंत असतं म्हणून वहीचे फोटो काढून छापावेत, ही त्याची इच्छा होती. पायानं लिहिणारा माणूस बोटांवर आला होता, त्याला अक्षराची धाव छापखान्याच्या हाती द्यायची नव्हती. सायक्लोस्टाईलची सुई ज्यानं स्टेन्सिलवर एकदा ओढलीय त्याला हे सांगायला नको.

आणि चित्रं. ती मी मित्राच्या मोबाईलवर बघितली, छोट्या काचेवर, म्हणून फार बोलत नाही. रंगीत पेन्सिली, खडू. गोल, कमानी, एकमेकांना छेदत जाणाऱ्या वर्तुळांच्या फेऱ्या, जसं कुणी पाय न उचलता गिरक्या घेतोय. त्या गोलातून चेहरे निघतात. आणि डोळे. बायको लिहिते की लाल-काळ्या रंगात टक लावून बघणारे डोळे तो काढायचा. हे काय म्हणून विचारलं तर म्हणायचा, हे सैनिकांचे चेहरे, हे युद्ध. चित्रकलेच्या शाळेतल्या मास्तरनं ह्याला किती मार्क दिले असते मला माहीत नाही. अंगात जे उठलं ते कागदावर गेलं, मधे शिकवणी नाही. पण बघा, ज्याला हजारो डोळ्यांनी दहा-बारा वर्षं बघितलं त्यानं कागद मिळाल्यावर काढले काय तर डोळे.

इथंच माझं त्याच्याशी भांडणही आहे. डायरीभर तो एक गोष्ट घोकतो, की विचार नको, भावना. बुद्धीनं चालणारी माणसं कोरडी आणि मेलेली, आपण तेवढे भावनेनं समजणारे. वाचताना आधी बरं वाटतं. कारण आपल्या लिखाणावर ते शिक्के बसतात ना, 'भावनेच्या भरात लिहिलेलं', 'आक्रोश आहे पण कला कुठाय', त्यांच्या तोंडावर हे पुस्तक फेकावंसं वाटतं. पण थांबा. भावना हीच समज असं एकदा धरलं, की आपल्याला शिवू नये असं ज्याला आतून वाटतं त्याचंही वाटणं खरं ठरतं. त्याची किळसही भावनाच आहे की. गावानं आमच्या आजोबाला पाणी ओंजळीत वरून ओतलं तेव्हा गावाच्या मनात भावना नव्हती असं थोडंच? चांगली घट्ट, पिढ्यान्‌पिढ्या मुरलेली भावना होती. बाबासाहेबांनी आपल्याला त्याच्यावर उतारा दिला तो विचाराचा, पुराव्याचा, कायद्याचा. महाडला १९२७ साली माणसं चवदार तळ्यावर गेली ती नुसती भरून आलं म्हणून नाही. कायदे कौन्सिलाचा ठराव होता, नगरपालिकेचा ठराव होता, आपला हक्क काय हे माहीत होतं. निजिन्स्कीकडं असं काही धरायला नव्हतं. भावना वाढत-वाढत देवापर्यंत गेली आणि तो स्वतःलाच देव समजायला लागला. ह्याला मी क्रांती म्हणणार नाही. वेडाला फुलं वाहणाऱ्या कवींची मला चीड येते. वेडाच्या इस्पितळाबाहेर त्यांनी एक रात्र काढावी.

तरीही त्याची भावना खोटी ठरत नाही, हेही तितकंच खरं. युद्ध तुम्ही थांबवलं नाही हे तो त्या हॉटेलात बोलला ते वेड्याचं बोलणं होतं का? त्या सभागृहात शहाण्यांनी कुणी ते बोलल्याचं ऐकिवात नाही. भावना साक्षीदार आहे असं मी म्हणेन. साक्षीदाराला उभं करायचं, बोलू द्यायचं, मग उलटतपासणीही घ्यायची. आमची तक्रार एवढीच, की आमच्या साक्षीदाराला लोक कोर्टातसुद्धा नाचायला लावतात.

डायरीचं पुढं काय झालं तेही ऐका. १९३६ साली बायकोनं ती इंग्रजीत छापून आणली. केवढी तरी काटछाट करून. शौच-मूत्राचं, शरीरसंबंधाचं, घरातल्यांबद्दलचं कडू असं पुष्कळ गाळलं, क्रम हलवला, एक अख्खी वही बाजूला ठेवली. देखणा, दुःखी, देवभोळा कलावंत तेवढा उरला. पुरती डायरी छापून यायला १९९५ उजाडलं, तीही आधी फ्रेंचमध्ये, इंग्रजीत १९९९. तोवर तो मरून ४५ वर्षं झाली होती. एका मासिकानं माझ्या कवितेतला हागणदारी हा शब्द काढून तिथं 'ओसाड माळ' घातला होता. कविता छापून आली, शेजाऱ्यांनी कौतुक केलं, मी तोंड लपवून हिंडलो. आमच्या वस्तीत ओसाड माळ नाही. असता तर बायकांना अंधार पडायची वाट बघावी लागली नसती.

पण बायकोला शिव्या देऊन मोकळं व्हायला माझं मन घेत नाही. तिनं तीसएक वर्षं त्या माणसाला निभावलं, दोन मुली, पैसा नाही, मधे दुसरं महायुद्ध. तिला पुस्तक विकायचं होतं आणि त्याचं नाव राखायचं होतं. मला राग वेगळ्याच गोष्टीचा आहे. १९३९ सालची. तो स्वित्झर्लंडात वेड्यांच्या इस्पितळात होता. सर्ज लिफार नावाचा नावाजलेला नर्तक भेटायला आला, बरोबर फोटोवाला. लिफारनं त्याच्यासमोर नाचून दाखवलं. आणि एकाएकी हा पन्नाशीचा, जाड झालेला, कोट घातलेला माणूस जागच्या जागी उडाला. फोटो निघाला. तो फोटो जगभर प्रसिद्ध आहे: भिंतीपुढं हवेत असलेला माणूस, हात पसरलेले. लोक म्हणतात बघा, कला मेली नव्हती. मला त्या फोटोत दिसतो तो वन्समोअर. वीस वर्षांपूर्वी ह्यानं खुर्चीवर बसून नाही म्हटलं होतं. वही भरली, डोळे काढले. पण जगाला वही नको होती, उडी हवी होती, आणि ती त्यांनी शेवटी काढून घेतली. ८ एप्रिल १९५० ला तो लंडनला गेला.

हे सगळं मी मावशीला वाचून दाखवलं. म्हणजे माझ्या मराठीत, जसं जमेल तसं. मावशीचे गुडघे गेलेत, ती दारात पाय लांब करून शेंगा फोडत बसते. गप ऐकत होती. दिआगिलेव्हचं आलं तसं तिनं विचारलं, "त्यानं उचल घेतली हुती का रं?"

मी म्हटलं, "उचल नाही मावशी. पगारच नव्हता. खाणं-पिणं, कपडे, सगळं मालक बघायचा. पुढं थकलेल्या पगारासाठी दावा लावायला लागला."

"मंग उचलंपरीस वाईट. उचलीत आकडा तरी आसतोय."

सहा महिने डिक्शनरी चाळून मला जे सापडलं नव्हतं ते हिनं शेंग फोडता-फोडता काढलं. मग मी पवळाबाईचं बोललो. आपल्याकडं सांगतात की महाडच्या लढ्यासाठी पठ्ठे बापूरावांनी आपल्या खेळांचं उत्पन्न देऊ केलं आणि बाबासाहेबांनी ते नाकारलं, कारण महाराच्या बाईला नाचवून आलेला पैसा आपल्या चळवळीला नको. मला हे पटतं. बाबासाहेबांनी ते घ्यायलाच नको होतं. पण वाचताना दरवेळी वाटतं की पवळा त्या वेळी काय म्हणाली असेल? बापूरावांच्या लावण्या छापलेल्या आहेत. पवळाचा नाच तिच्याबरोबर गेला, आणि तिची वही नाही. तिच्या हातात कुणी वही दिलीच नाही. निजिन्स्कीच्या वहीची काटछाट झाली म्हणून मी एवढा ओरडतोय, इथं कापायलासुद्धा काही नाही.

मावशी म्हणाली, "त्यो खुर्चीवर बसल्याला तेवढं परत वाच."

वाचलं. ती हसली. "ब्येस केलं. आमाला खुर्ची कुठं हुती? आमी हुबं ऱ्हाऊनच बघायचो."

"कुणाला बघायचा?"

"म्होरल्या रांगंला. नाचताना मान खाली घालायची आसती तवा म्या त्येंचं जोडं बघायची. कुणाचं शिवल्यालं, कुणाचं उसनं आणल्यालं, समदं कळायचं. पाटलाचा ल्योक नोटा उडवायचा, आन्‌ जोड्याला टाचा नव्हत्या. सावकाराकडं त्येची जमीन गाण पडल्याली म्हाईत हुतं मला, त्येच्या बापाच्या आदी."

मी गार पडलो. लहानपणापासून मी समजत होतो की मावशीला लोक बघायचे. तिनं तीस वर्षं चार जिल्ह्यांतली पुढची रांग वाचून काढली होती आणि कुणाला पत्ता नव्हता. मी म्हटलं, "मावशी, हे सगळं सांग. मी लिहून घेतो."

शेंगांची टरफलं सुपात ओढत ती म्हणाली, "लिव की. पर माजं नाव घालू नगं. आन्‌ रडकं लिवू नगं, जोडं तेवढं लिव."

गेल्या रविवारी सुरुवात केली. सात जोडे झालेत. पुढच्या महिन्यात त्याच मंडळाचं परत बोलावणं आहे आणि त्यांनी कळवलंय की आईवरची कविता जरूर वाचावी, लोकांची मागणी आहे. अजून उत्तर दिलं नाही. साडेदहा झाले, रातपाळीला निघायला पाहिजे.